बांधाच्या पोटात माती

साहेब, तुम्ही शिकलेले. आमची रीत तुम्हांला वैशाखात खोटी वाटली आणि श्रावणात खरी वाटली. मधल्या काळात एक माणूस मेला, एवढाच काय तो फरक पडला. तुम्ही स्वतःची कातडी वाचवायला एका पोटुश्या बाईच्या पदराआड लपलात. तेव्हा आता सगळं पहिल्यापासून ऐका, आणि मध्ये उठू नका.

तळा गावाहून समुद्राकडं उतरत गेलं की डोंगर एकदम पाय घसरल्यासारखा खाली येतो. त्या उतारावर देवानं सपाट जागा ठेवलेली नाही. हवी असेल तर माणसानं करायची. खालच्या अंगाला धोंड्यांचा बांध घालायचा, मागं भर टाकायची, मग कुठं एक पट्टी मिळते. तिच्यावर चार पोफळी, दोन माड, एखादं आंब्याचं कलम. या बांधांना चुना नाही, सिमिट नाही. धोंड्यावर धोंडा नुसता बसवलेला. असले बांध आज्याच्या आज्यानं घातलेले आहेत आणि अजून उभे आहेत.

ते उभे राहतात त्यांच्या पोटावर. बाहेरून दिसतं ते बांधाचं तोंड. मोठे धोंडे, जरा डोंगराकडं कलते. हे काम पुरुषांचं. तोंडाच्या मागं, डोंगराच्या अंगाला, हातभर रुंदीची जागा सोडतात. ते पोट. त्यात ओढ्या-वहाळातले गोटे आणि फोडलेल्या धोंड्यांच्या चिपा भरतात. ओतायच्या नाहीत, एकेक हातानं लावायच्या. हे काम बायकांचं. पावसाचं पाणी डोंगरातून येतं, या पोटात उतरतं आणि गोट्यांमधून वाट काढून तोंडाच्या सांध्यांतून बाहेर पडतं. भर पावसाळ्यात चांगला बांध सगळ्या अंगानं घामेजलेला असतो. घामेजलेला बांध बघितला की खालच्या घरातला माणूस निर्धास्त झोपतो.

तोंड बसवणारा नवरा आणि पोट भरणारी बायको, अशी जोडी कामाला घेतात. एकट्याला कोणी घेत नाही. आणि एक रीत आहे. पोटुश्या बाईनं बांधाचं पोट भरायचं नाही. भरलं तर बांध फुगतो, म्हणतात. कधीकाळी कुणा शहाण्या बाईनं, पोटुश्या सुनांना धोंडे उचलायला लागू नयेत म्हणून, ही रीत पाडली असेल. ती बाई मेली. तिचं शहाणपण तिच्याबरोबर गेलं आणि मागं नुसती भीती राहिली.

स्वराज्य येऊन दहाएक वर्षं झाली असतील. गावाच्या वरच्या उतारावर सरकारी बाग करायचं ठरलं. कलमी आंबा, काजू, नारळ. बांध घालायला गावातल्याच जोड्या घेतल्या. मुकादम म्हणून हरेश्वर नेमला. हा गावातलाच, चार बुकं शिकलेला, साहेबांच्या पुढं उभा राहिला की दोन्ही हात मागं बांधणारा. जोड्यांमधली एक रावजी आणि केसर. केसर हरेश्वरची चुलतभावजय लागायची.

रावजी हाताचा सावकाश. एक धोंडा तीनदा फिरवून बघायचा, मग बसवायचा. बसवला की त्याच्यावर उभा राहून हलवून बघायचा. लोक म्हणायचे, रावज्या धोंड्याला सोयरीक विचारतो. केसर त्याच्यामागं पोट भरायची. लग्नाला बरीच वर्षं झाली होती. एक मूल पोटातच गेलं होतं. त्यानंतर काही नाही. आणि आता, नेमक्या या वैशाखात, केसरला दोन महिने झाले होते.

तिनं कुणाला सांगितलं नाही. रावजीलाही नाही. सांगितलं तर जोडी मोडणार, जोडी मोडली की रावजी घरी बसणार. आणि खरं म्हणजे तिला वाटत होतं, हेही राहील की जाईल कुणाला ठाऊक. आधी राहू दे, मग सांगू.

"काय गो केसर, आज आंबील पण न्हाय घेतलीस?" वहाळात गोटे वेचताना मनुबाईनं विचारलं. पोट भरणाऱ्या बायकांत ती वडील. गावातल्या सगळ्या सुनांची ती आत्या आणि सगळ्यांच्या ताटात तिची नजर.

"उष्मा हाय आत्याबाय. जीव न्हाय लागत."

"उष्मा आमालाबी हाय. आमी तर खातोय."

"तुमचं तोंड कधी मिटतच न्हाय, मग कायतरी जातंयच आत."

बायका हसल्या. मनुबाईही हसली. केसरनं गोट्यांची पाटी डोक्यावर घेतली आणि चढण चढली. चढताना दोनदा थांबली. दोन्ही वेळा पायात काटा गेल्याचं सोंग केलं.

बांधाचं तोंड माणसाच्या डोक्याच्या वर गेलं आणि पोट मात्र कमरेपर्यंतच आलं होतं. जवळचे गोटे संपले होते, लांबून आणायला लागत होते. अशा वेळी एका दुपारी साहेबांची, म्हणजे तुमचीच, जीप आली. साहेब बांधावर चढले, मागं वाकून बघितलं.

"भिंत उभी आहे आणि मागं सगळं रिकामं. हे काय चाललंय?"

"पोट भरतायत सायेब," हरेश्वर म्हणाला.

"कुणाचं?"

सगळे हसले. साहेब विनोदी होते, हे सांगायला पाहिजे.

"वर डोंगरभर माती आहे. ती ओढा आणि टाका मागं. दोन दिवसांत काम होईल."

कुणी हललं नाही. मनुबाई पदर सावरून पुढं आली. "बांधाच्या पोटात माती जात न्हाय सायेब."

"का? आत बसून कोणी परत बाहेर टाकतं काय?"

पुन्हा हसणं.

"आमची रीत हाय."

"मावशी, रीत घरी ठेवा. सोमवारी मोठे पाहुणे येणार आहेत. पहिलं कलम त्यांच्या हातचं. ते काय खड्ड्यात उभे राहून लावणार? मला इथं सपाटी पाहिजे."

रावजी तोंडावर उभा होता, हातात धोंडा. तो हरेश्वरकडं बघत राहिला. हरेश्वर जमिनीकडं बघत राहिला. "मग पाणी कुठनं जाईल," रावजी म्हणाला, पण इतकं हळू की ते फक्त केसरला ऐकू आलं. एवढं बोलून त्यानं हातातला धोंडा बसवला. त्या दिवशी त्यानं तो फिरवून बघितला नाही.

"ही बाई," साहेबांनी बोट केलं. केसर सगळ्यांत जवळ उभी होती. "तू टाक."

केसरनं फावड्यानं माती ओढली, पाटी भरली, बांधाच्या पोटात ओतली. धप्प आवाज झाला.

"हं. पडलं आभाळ?" साहेबांनी सगळ्यांना विचारलं.

सगळे हसले. केसरही हसली. खोटं कशाला बोला, तिला बरंही वाटलं होतं. गोट्यांच्या पाटीपेक्षा मातीची पाटी हलकी. त्या दिवशी तिच्या ओटीपोटात कळ येत होती, आणि वहाळापासूनची ती चढण आता चढायला लागणार नव्हती. मग बाकीच्या बायकांनीही माती ओढली. साहेब झाडाखाली शहाळं पीत उभे राहिले, पोट निम्मं भरेपर्यंत. मग गेले.

सोमवारी मोठे पाहुणे आले, कलम लावलं, हार घातले, नारळ वाढवला. बांध किती सरळ, किती देखणा, असं त्यांनी म्हटलं. साहेबांनी मान लववली.

मग पावसाळा आला. आषाढात गावचे जुने बांध सगळे घामेजले. सांध्यासांध्यातून पाणी ठिबकायला लागलं. सरकारी बांधाचे सांधे मात्र कोरडे. धो धो पाऊस आणि या बांधातून एक थेंब बाहेर येईना. रावजी रोज शेतावर जाताना थांबायचा आणि तोंडावर तळहात ठेवायचा. एका सकाळी त्याला तळहाताखाली फुगवटा लागला. मधोमध, खालच्या अंगाला. आठवड्यात तो नुसत्या डोळ्यांना दिसायला लागला.

रावजी हरेश्वरकडं गेला. हरेश्वर छत्री घेऊन तालुक्याला गेला, साहेबांना भेटून आला. साहेब म्हणाले होते, पाऊस सरू दे, मग बघू. हरेश्वर पुन्हा गेला नाही.

श्रावणात भातखाचरात बेणणी चालू होती. बायका ओळीनं वाकून गवत काढत होत्या. केसर मध्येच सरळ झाली आणि कमरेवर हात ठेवला. ओलं लुगडं अंगाला चिकटलं होतं. मनुबाईची नजर गेली ती गेलीच.

"कितवा गो?"

"पाचवा."

"अगो बाय. कळू पण दिलं न्हाईस." मनुबाईचा चेहरा आधी खुलला. मग तिचा अंगठा बोटांच्या पेरांवरून मागं मागं जायला लागला, आणि एका पेरावर थांबला. "वैशाखात तू पोट भरत व्हतीस."

ओळीतल्या बायका एकेक करून सरळ उभ्या राहिल्या. पाऊस पडत होता आणि कुणीच वाकत नव्हतं.

संध्याकाळी अंबाजीच्या ओटीवर माणसं जमली. अंबाजी गावातला वयानं मोठा, त्याच्या शब्दाबाहेर कुणी जात नसे. बांधात माती टाकली होती हे ओटीवरच्या प्रत्येकाला ठाऊक होतं. प्रत्येकाच्या बायकोनं ती टाकली होती. पण मातीवर बोट ठेवायचं तर ते पुढं सरकत साहेबांवर जाणार, आणि पुढच्या वर्षी बागेचा वरचा टप्पा घालायचा होता. काम कुणाला नको होतं? केसरवर बोट ठेवलं की ते तिथंच थांबत होतं. माझं ऐकाल तर त्यांना खोटं बोलायला लागलंच नाही. त्यांनी दोन खऱ्या गोष्टींतली सोयीची निवडली आणि रात्र व्हायच्या आत ती एकटीच खरी होऊन बसली.

उपाय जुनाच होता. जिनं पोट भरलं तिच्या दादल्यानं, तिनं जिथं पहिली पाटी टाकली त्याच जागी, तोंडातला एक धोंडा काढायचा आणि नारळ वाढवायचा. मग बांध शांत होतो. उपाय होईपर्यंत केसरनं विहिरीवर यायचं नाही.

घरी आल्यावर रावजी चुलीपुढं बसला. केसरनं त्याच्यापुढं भाकर ठेवली.

"मला सांगितलं न्हाईस," तो म्हणाला.

"सांगितलं असतं तर मला घरी बसवलं असतंस. मग जोडी कुणासंगं लावली असतीस? मनुआत्यासंगं?"

रावजीला हसू आलं. "तिनं मला धोंडा समजून पोटात भरला असतान."

दोघं हसली. हसणं संपल्यावर केसरनं विचारलं, "तुला वाटतंय, माझ्यामुळं?"

रावजीनं भाकरीचा तुकडा मोडला, परत ठेवला. "मला ठाव न्हाय," तो म्हणाला. "आईनं सांगितलं, आजीनं सांगितलं. खोटं कसं म्हणू? पण आत पाणी तुंबलंय, येवढं ठाव हाय. धोंडा काढला तर वाट मिळंल. अंबाजीकाकाचं पण झालं, पाण्याचं पण झालं."

"साहेब बोलला ना, पाऊस सरू दे."

"साहेबाचं काय जातंय."

"मग तू पण नको जावस."

"न्हाय गेलो तर तुला पाण्यावर येऊ देनार न्हाईत केसर. बाळंतपणाला कोण यायची न्हाय. मनुआत्या सोडून सुईण कोण हाय आपल्याकडं?"

पोर आत हललं. तिनं रावजीचा हात ओढून पोटावर ठेवला. पण तोवर ते पुन्हा निजलं होतं.

सकाळी पाऊस जरा थांबला. गाव बांधासमोर जमलं, पण लांब. केसरला जवळ येऊ दिलं नाही. ती मागं एका फणसाला टेकून उभी होती. रावजी एकटाच पुढं गेला. त्यानं नारळ फोडला, अर्धा बांधापुढं ठेवला. मग खाली वाकून सांध्यात पहार घातली. पहिली पाटी अगदी मधोमध पडली होती, फुगवटा होता तिथंच. वरून सुरुवात केली असती, एकेक धोंडा उतरवत आला असता, तर कदाचित निभावलं असतं. रावजीसारखा माणूस दुसऱ्या कुठल्याही बांधाला वरूनच उतरवत आला असता. पण रीतीनं जागा खालची दाखवली होती.

धोंडा अर्धा बाहेर आला. मागून तांबड्या पाण्याची चिळकांडी उडाली, रावजीच्या छातीवर. लोक म्हणाले, "सुटलं, सुटलं." रावजी मागं वळला. गर्दीच्या वरून त्यानं फणसाकडं बघितलं.

बांध ढासळला म्हणतात, तसं काही झालं नाही. धोंड्यावर धोंडा आपटल्याचा आवाज नाही. बांध खाली बसला. आतून मातीचा लोंढा आला आणि वरचे धोंडे त्याच्यावर तरंगत आल्यासारखे पुढं आले. सरकारी बागेचं पहिलं कलमही त्याच्याबरोबर खाली आलं, उभंच्या उभं.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत माणसं उपसत होती. तांबडा चिखल, घमेलं घमेलं. एवढ्या उपशात पोटातले गोटे निघाले ते फक्त तळाला, कमरेइतके. त्याच्यावर सगळी माती. प्रत्येक घमेल्यात माती होती आणि घमेलं भरणारा प्रत्येक जण ती बघत होता. बघून घमेलं पुढच्याच्या हातात देत होता. रावजी सापडला तेव्हा त्याच्या तोंडातही तीच होती. मनुबाईनं ती बोटानं काढली. तिला रडू आवरेना, पण केसरला तिनं जवळ येऊ दिलं नाही. पोटुशीनं मेलेल्याचं तोंड बघू नये.

केसरला नवरा लांबूनच दाखवला.

त्यानंतर बायका तिच्या दारात भात ठेवायच्या, वाकून आत न बघता. विहिरीवर तिला आता येऊ देत होते, उपाय झाला होता ना. पण ती आली की बाकीच्यांच्या कळशा भरलेल्या असायच्या, नसल्या तरी. एका सासुरवाशिणीनं पोराला कडेवर ओढून घेतलं आणि म्हणाली, "तिकडं नको जाऊ, ती बापखाऊची आई." पोटातलं पोर अजून जगात यायचं होतं. नाव मात्र आधी आलं.

केसरला रात्री वाटायचं, माझ्या हातामुळंच. सकाळी वाटायचं, मातीमुळं. दिवसभर हेच. एका गोष्टीची मात्र तिला खात्री होती. ती पाटी तिनं आपल्या मनानं उचललेली नव्हती.

पावसानं बंद पडलेला रस्ता उघडल्यावर साहेब चौकशीला आले. देवळाच्या मंडपात शाळेतली खुर्ची आणून ठेवली. हरेश्वर छत्री मिटून बाजूला उभा राहिला. अंबाजीनं सगळं सांगितलं. बाई पोटुशी होती, कुणाला बोलली नाही, पोट भरलं, बांध फुगला, उपाय करताना दादला गेला. मातीचा शब्द त्यानं काढला नाही. सांगताना त्यालाही जरा लाजल्यासारखं होत होतं, की शिकलेला माणूस, हसेल.

साहेब हसले नाहीत. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"असं आहे का तुमच्यात?"

"व्हय सायेब. पूर्वापार."

"जुनी माणसं उगीच काही रीत पाडत नाहीत," साहेब म्हणाले. "तुमच्या चालीरीतींत मी काय बोलणार? झालं ते वाईट झालं." मग ते हरेश्वरकडं वळले. "वरचा टप्पा दिवाळीनंतर घेऊ. माणसं याच गावची लावा."

माना हलल्या. सगळ्यांनाच हलकं वाटलं. तेवढ्यात मंडपाच्या पायरीशी केसर आली. कपाळ पांढरं, पोट पुढं. ती थेट खुर्चीपुढं जाऊन उभी राहिली.

"केसर, घरी जा," अंबाजी म्हणाला.

"काका, तुमच्याशी माझं काय न्हाय."

"वैनी, सायेबांना निघायचं हाय," हरेश्वर म्हणाला.

"भावजी, तुमी बोलायचं तवा खाली बघत व्हता. आता पण खालीच बघा."

हरेश्वरनं खरंच खाली बघितलं.

साहेब उठायला लागले. "बाई, तुमच्यावर प्रसंग आलाय, मला कळतं. अर्ज द्या, काही मदत होते का बघू."

"मदत न्हाय मागत. माझ्या हातानं बांध फुगला का मातीनं फुगला, मला ठाव न्हाय. हातानं फुगला आसंल तर मी भोगतेय, जलमभर भोगीन. पण ह्या पोराला गाव आत्ताच बापखाऊ बोलतंय. त्यानं कुठली पाटी टाकली? म्हणून इचारतेय. वैशाखात तुमी बांधावर उभं व्हता. मनुआत्या बोलली, पोटात माती जात न्हाय. तुमी हसलात. मग माझ्याकडं बोट केलंत नि बोललात, ही बाई, तू टाक."

पायरीखाली बायका उभ्या होत्या. मनुबाईनं पदराचं टोक तोंडात धरलं होतं. तिच्याकडं वळून बघायचा धीर कुणाला झाला नाही. पाऊस पुन्हा लागला होता, मंडपाच्या कौलांवर.

"हे सगळे व्हते तिथं. ह्यांना न्हाय इचारत मी, ह्यांना दिवाळीनंतर काम हाय. तुमालाच इचारते. व्हय बोला, न्हायतर न्हाय बोला. ह्या सगळ्यांपुढं, मोठ्यानं. सायेब, माती टाक म्हणून मला तुमी सांगितलंत का न्हाय?"